प्लायवूडवरची मिरवणूक

१० सप्टेंबर २००६, रविवार. सकाळी मी गॅरेज झाडायला घेतलं होतं. गणपती होऊन गेले होते. मंडळाच्या सतरंज्या, समया, लेझमांचं खोकं हे सगळं आमच्याच गॅरेजमध्ये राहतं, आणि ह्यूस्टनजवळच्या शुगर लँडच्या दमट हवेत दार उघडून काम करायचं तर ऊन चढायच्या आत उरकावं लागतं.

उजव्या भिंतीला आठवडाभर उभी असलेली चार मोठी चित्रं दिसत नव्हती. शनिवारी मी कामावर असताना चित्रकार येऊन घेऊन गेला असणार, असं मी धरून चालले. जागा मोकळी झाली म्हणून बरंच वाटलं. नवऱ्याची नवी गाडी आता आत मावली असती. वॉटर हीटरच्या बाजूला प्लायवूडच्या काही कापलेल्या फळ्या टेकवून ठेवल्या होत्या. आदल्या वर्षी वादळाच्या भीतीने अख्खं ह्यूस्टन रस्त्यावर आलं होतं आणि खिडक्यांना ठोकायला कुठल्याच दुकानात प्लायवूड मिळालं नव्हतं. तेव्हापासून नवरा फळ्या आणून ठेवायचं म्हणत होता. आणल्या वाटतं एकदाच्या, असं मनात म्हणून मी त्यांच्या पायथ्याचा भुसा झाडला.

अकरा वाजता फोन आला.

"सेन्योरा, मी पाच वाजता ट्रक घेऊन येतो. चालेल ना? मंगळवारी ते लोक बघायला येणार आहेत."

"या," मी म्हटलं, आणि झाडू हातात तसाच घेऊन घरात गेले.

हा चित्रकार मला २००१ पासून माहीत; सेन्योरा म्हणजे त्याच्या स्पॅनिशमध्ये बाई. ह्यूस्टनच्या पूर्व भागातल्या एका फिजिओथेरपी क्लिनिकचं ऑफिस मी सांभाळत असे. अपॉइंटमेंट देणं, इन्शुरन्सवाल्यांशी फोनवर भांडणं, आणि पेशंट बसून कंटाळले की त्यांच्याशी बोलणं, हे माझं काम. तो आपला उजवा खांदा घेऊन आला होता. वय पन्नाशीच्या आसपास, उंची बेताची, नखांच्या कडांना न निघणारा रंग. वर्षानुवर्षं हात डोक्याच्या वर धरून भिंती रंगवल्या की खांद्याचं जे होतं ते झालं होतं. त्या भागातले सगळे त्याला माएस्त्रो म्हणत, म्हणजे आपल्याकडे तबलजीला उस्ताद म्हणतात तसं. मीही तेच म्हणायला लागले.

आईबाप मेक्सिकोचे, जन्म ह्यूस्टनचा. तो स्वतःला चिकानो म्हणवायचा. मी विचारलं, म्हणजे मेक्सिकनच ना?

"मेक्सिकोत गेलो की ते मला अमेरिकन म्हणतात. इथे लोक विचारतात, परत कधी जाणार? मधे उभं राहायला जी जागा उरते, तिचं नाव चिकानो."

मी म्हटलं, आमच्याकडे त्या जागेला अजून नाव नाही.

त्याने सुरुवात केली ती मालगाड्यांच्या डब्यांवर, चोरून, स्प्रेच्या डब्यांनी. दोनदा पोलिसांनी धरलं. मग वस्तीतल्या एका पाद्रीबाबांनी सांगितलं, करायचंच आहे तर उजेडात कर, आणि ओळखीच्या बेकरीची बाजूची भिंत मिळवून दिली. तिथे त्याने पीठ मळणाऱ्या बायका काढल्या. त्यांच्यात त्याची आई होती, ती त्याच बेकरीत काम करायची. त्या भिंतीने त्याचं नाव झालं. नंतर शाळा झाल्या, कामगार युनियनचा हॉल झाला, हायवेखालचे खांब झाले. बोर्ड रंगवून पोट भरायचं आणि भिंती जवळजवळ फुकट करायच्या, असा त्याचा हिशेब.

मी त्याला ओळखायला लागले तोवर त्यातलं बरंचसं गेलं होतं. बेकरी विकली गेली, नव्या मालकाने भिंतीला बदामी रंग दिला. हायवेचे खांब सरकारने साफ केले.

"आणि रोलर कोणाच्या हातात होता माहितीय?" त्याने मला एकदा खांद्यावर बर्फाची पिशवी ठेवून सांगितलं. "माझ्या मावसभावाच्या. सरकारी नोकरी आहे त्याची. बिचाऱ्याने आधी फोन केला. मी म्हटलं, दोन हात मार. एका हातात झाकणार नाही."

दुकानदार त्याच्याकडून हमखास ग्वादालुपेची माता, म्हणजे मेक्सिकन लोकांची मेरी, काढून घेत. भक्ती असायची, पण मुख्य कारण असं की मातेच्या अंगावर कुठलाही पोरगा स्प्रे मारत नाही. त्याला याचा वैताग होता. मी त्याला सांगितलं की आमच्याकडे जिन्याच्या कोपऱ्यात देवांच्या टाइल्स लावतात, लोकांनी पान खाऊन थुंकू नये म्हणून. तो इतका हसला की थेरपिस्ट आतून बघायला आली.

२००४ मध्ये खांद्याचं ऑपरेशन झालं. त्यानंतर दोन वर्षं त्याने मोठं काही केलं नाही. टायरच्या दुकानांचे बोर्ड, एखादा मेनू, बस. मग २००६ च्या उन्हाळ्यात बातमी घेऊन आला. शहराच्या नव्या लायब्ररीची बाहेरची भिंत रंगवायची होती. निवड समितीने त्याचं नाव शेवटच्या तिघांत ठेवलं होतं. आयुष्यात पहिल्यांदा अशी भिंत समोर आली होती की जी कुणा मालकाच्या लहरीवर पुसली जाणार नव्हती, करारातच तसं लिहिलेलं असणार होतं. अडचण एकच. समितीला शंका होती की हा माणूस आता एवढं मोठं काम करू शकेल का. जुन्या भिंतींचे फोटो नकोत, म्हणाले, ऑपरेशननंतरचं मोठं काम आम्हाला डोळ्यांनी बघायचं आहे.

असं काम त्याच्याकडे नव्हतं. मी त्या वर्षी मंडळाची सांस्कृतिक सचिव होते. मखराला दर वर्षीसारखं थर्मोकोलचं देऊळ करायचा मला कंटाळा आला होता. मी म्हटलं, आमच्या गणपतीमागे लावायला काढून द्या, नंतर तुमचं तुम्ही घेऊन जा. मंडळाने प्लायवूड आणि रंग द्यायचे, त्याने चित्र करायचं. ठरलं.

ती भिंत त्याला मिळाली का, हे शेवटपर्यंत ताणण्यात अर्थ नाही. नाही मिळाली. सॅन अँटोनियोच्या एका बाईला मिळाली, आणि तिचं काम चांगलं आहे. मी जाऊन बघून आले.

त्याने काढली ती मिरवणूक. चार फळ्या शेजारी शेजारी लावल्या की एक अख्खा रस्ता व्हायचा. लेझीम खेळणाऱ्या मुली, बर्फाचे गोळे विकणारा म्हातारा, झेंडूच्या माळा घातलेली जुनी चकचकीत शेवरोले गाडी, ढोलताशांच्या जोडीला ट्रम्पेटवाले, आणि मधोमध पिकअप ट्रकच्या मागे बसलेले गणपती. कमिटीच्या मीटिंगमध्ये मी स्केच दाखवलं तर अध्यक्षांच्या कपाळाला आठ्या.

"वहिनी, गणपती पिकअपमध्ये?"

"पुण्यात कशातून नेतात?"

"तो ट्रक असतो. सजवलेला."

"हाही सजवलेलाच आहे. आणि बैलगाडी हवी असेल तर टेक्सासात बैल भरपूर आहेत, पण तुम्ही हाकाल का?"

लोक हसले, स्केच पास झालं. हॉलमध्ये चित्रं लागली तेव्हा मात्र अध्यक्षांनी माइकवरून "आपल्या मंडळाची ही अभिनव संकल्पना" असं सांगितलं, आणि सगळ्यांनी चित्रांसमोर उभं राहून फोटो काढून घेतले. चित्रकार मागच्या रांगेत बसून मोदक खात होता.

झाडू घेऊन घरात गेले तेव्हा नवरा टीव्हीसमोर फुटबॉल लावून बसला होता.

"अरे, तो आज पाच वाजता चित्रं न्यायला येतोय. काल नेली नाहीत का त्याने?"

"कुठली चित्रं?"

"कुठली म्हणजे? मखराची."

त्याने आवाज कमी केला. माझा नवरा आवाज कमी करतो तेव्हा काहीतरी झालेलं असतं.

"ती आम्ही कापली," तो म्हणाला.

"कापली म्हणजे?"

"अगं, खिडक्यांच्या मापाने. काल अध्यक्ष त्यांची करवत घेऊन आले होते. निम्म्या फळ्या त्यांच्याकडे, निम्म्या आपल्याकडे. एवढं चांगलं प्लायवूड, वादळांचा सीझन सुरू आहे, फेकून कशाला द्यायचं?"

"फेकून द्या कोण म्हणालं होतं? ती त्याची चित्रं आहेत. मी दहा वेळा सांगितलं होतं."

"मला वाटलं मंडळाची. प्लायवूड मंडळाने आणलं होतं ना? आणि मखर कधी ठेवतो का आपण? दर वर्षी मोडतोच. अध्यक्षही म्हणाले, उतरलेलं मखर घरात ठेवू नये, त्यात पितृपक्ष लागला."

यातलं काहीच खोटं नव्हतं, हे मला तेव्हाही कळत होतं. मखर मोडायचंच असतं. आमच्या लहानपणापासून प्रत्येक मखर आम्ही मोडलं आहे. थर्मोकोल, पुठ्ठा, जिलेटिन, सगळं दुसऱ्या दिवशी कचऱ्यात. देवासाठी केलेलं टिकवायचं असतं हे कुणाच्या डोक्यातच नव्हतं. चांगलं लाकूड मात्र आम्ही कधी वाया घालवत नाही.

मी गॅरेजमध्ये गेले आणि वॉटर हीटरजवळची एक फळी उलटी केली. भिंतीकडे तोंड करून ठेवलेल्या बाजूला लेझीमवाली एक मुलगी होती, कमरेपासून वर. चारही कोपऱ्यांत स्क्रूसाठी भोकं पाडलेली. मागे मार्करने नवऱ्याच्या सुबक अक्षरात लिहिलं होतं: मास्टर बेडरूम, डावी. मी ती होती तशीच परत टेकवली.

अध्यक्ष दोन गल्ल्या पलीकडे राहतात. निवृत्त इंजिनियर, माणूस वाईट नाही, कुणाच्या घरी आजारपण असलं की पहिला डबा त्यांच्याकडून येतो. नवऱ्याने फोन केल्यावर लगेच आले. आम्ही तिघं स्वयंपाकघरात उभे.

"तुकडे द्यावे त्याला आणि माफी मागावी," मी म्हटलं.

"वहिनी, तुकडे बघून त्याला जास्त वाईट वाटेल. त्यापेक्षा विसर्जन केलं म्हणून सांगू."

"कशाचं?"

"मखराचं. देवापुढे असलेली वस्तू आमच्यात पाण्यात सोडतात, असं सांगायचं. धर्माचं कारण दिलं की या देशात कुणी वाद घालत नाही. उलट मान देतात."

"आणि त्याचं मंगळवारचं काय?"

"फोटो आहेत की पुष्कळ. मी स्वतः सीडी करून देतो."

नवरा म्हणाला, "थोडी लाज आपलीही राखायला हवी ना." तो 'आपली' म्हणाला तेव्हा त्यात मीही होते. मी चहा टाकला. हे मी का केलं मला माहीत नाही, पण आमच्या घरात तीन माणसं उभी असली की मी चहा टाकते.

पाच वाजता तो आला. ट्रकचा मागचा भाग धुऊन आणला होता, त्यात जुनी ब्लँकेटं अंथरलेली, दोर, कोपऱ्यांना लावायला फोमचे तुकडे. केस कापून आला होता. हातात पिवळ्या खोक्यात त्यांच्या वस्तीतल्या बेकरीतले गोड पाव, आमच्यासाठी. गॅरेजचं दार उघडंच होतं, आणि खरं तर तेवढं बंद करायचंही कुणाला सुचलं नव्हतं.

अध्यक्ष पुढे झाले आणि इंग्रजीत, सावकाश, माइकवर बोलतात तसं बोलले. उत्सव संपला की देवासमोरची प्रत्येक गोष्ट पाण्याला अर्पण करायची आमची प्रथा. तुम्हाला आधी सांगायला हवं होतं, ते राहून गेलं. फार वाईट वाटतं.

त्याने पावाचं खोकं माझ्या हातात दिलं.

"कुठलं पाणी?"

"ब्राझोस नदी."

"चारही?"

"चारही."

त्याने टोपी काढली. मला वाटलं आता ओरडेल. त्याने ओरडायला हवं होतं.

"माझी आई," तो म्हणाला, "चर्चमधून आशीर्वाद घेऊन आणलेलं ताडाचं पान कधी कचऱ्यात टाकू द्यायची नाही. सुकून काळं पडलं तरी. जाळायचं नाहीतर पुरायचं, म्हणायची. देवाला दिलं ते दिलं." मग माझ्याकडे बघून म्हणाला, "सेन्योरा, तुम्ही एवढं तोंड पाडू नका. माझ्या भिंती बदामी रंगाखाली गेल्यात. ही निदान नदीत गेली."

"पण मंगळवारी?" माझ्या तोंडून निघालं.

"आज फोन करून सांगतो त्यांना. बघू काय म्हणतात."

मग त्याची नजर माझ्या खांद्यावरून मागे गॅरेजमध्ये गेली. वॉटर हीटरजवळच्या फळ्यांची पाठ त्याच्याकडे होती. मार्करची अक्षरं देवनागरी, त्याला काय वाचता येणार.

"तुम्ही खिडक्यांची तयारी करून ठेवलीत, हे बरं केलंत," तो म्हणाला. "माझ्या बहिणीला दर वर्षी सांगतो, ऐकत नाही."

नवरा म्हणाला, "हो, वेळेवर केलेलं बरं."

बोलायची ती वेळ होती. तीन पावलं मागे जाऊन एक फळी फिरवली असती तर शब्दही लागला नसता. मी जागची हलले नाही. खरं सांगायचं तर त्याने टोपी काढली तेव्हाच मला सुटल्यासारखं वाटलं होतं, आणि त्या सुटण्याची लाज फळ्यांच्या लाजेपेक्षा मोठी निघाली. तो ब्लँकेटांच्या घड्या घालून गेला. जाताना विचारून गेला, पुढच्या वर्षी नदीवर बघायला आलं तर चालेल का. अध्यक्ष म्हणाले, अवश्य.

संध्याकाळी नवऱ्याने खोकं उघडून एक पाव चहात बुडवला.

"नानकटाईसारखं लागतं वरून. घे की."

"नको."

"झालं ना आता? माणूस समजूतदार आहे. उगाच ताणू नकोस."

"समजूतदार नाही तो. आपण सांगितलं त्यावर त्याने विश्वास ठेवला. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत."

"मग काय, जाऊन सांगणार आहेस?"

मी भांडी आवरली, सोमवारचे डबे भरून ठेवले, झोपले. झोप लागली का ते सांगण्यासारखं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी क्लिनिकला उशीर होईल म्हणून कळवलं आणि आमच्याकडच्या फळ्या व्हॅनमध्ये भरल्या. नवरा दाढी करता करता बाहेर आला, बघितलं आणि जड फळ्यांना हात लावला. तिथून अध्यक्षांकडे गेले. ते नाइटसूटमध्येच दारात आले.

"वहिनी, नोव्हेंबरपर्यंत तरी राहू द्या. सीझन आहे."

"दुकानात प्लायवूड मिळतं आहे. मी आत्ताच बघून आले," मी म्हटलं. बघून आले नव्हते. एवढ्या गोष्टींत आणखी एक खोटं खपून गेलं. त्यांनी फळ्या काढून दिल्या. गणपतीचं डोकं त्यांच्या बाथरूमच्या खिडकीच्या मापाचं होतं.

तो त्याच्या वर्कशॉपसमोर एका टायरच्या दुकानाचा बोर्ड आडवा टाकून अक्षरं भरत होता. मी व्हॅनचं मागचं दार उघडलं आणि सरळ सांगितलं. नदी नाही. विसर्जन नाही. आमच्या लोकांनी खिडक्यांसाठी कापली, गाडीला जागा हवी होती, आणि काल तुम्ही ज्या फळ्या बघितल्यात त्या ह्याच. मी तिथे उभी होते आणि गप्प राहिले.

त्याने ब्रश पाण्यात ठेवला. एक फळी बाहेर काढली, उलटसुलट करून बघितली, भोकांवरून अंगठा फिरवला.

"काल रात्री मी समितीच्या बाईंना नदीची गोष्ट सांगितली," तो म्हणाला. "त्यांना फार आवडली. म्हणाल्या, इतरांना सांगते, कदाचित फोटोंवर भागवून घेऊ. काल माझ्याकडे एक गोष्ट तरी होती, सेन्योरा. आज लाकूड आहे."

हा विचार माझ्या डोक्यात आलाच नव्हता. खरं बोलून माझं ओझं उतरेल एवढंच मी बघितलं होतं. ते कुणाच्या डोक्यावर जाईल, हे बघितलं नव्हतं.

"आता मी त्यांना काय सांगू?" तो म्हणाला. "गप्प बसलो तर खोटा मी. सांगितलं तरी खोटा मीच."

"तुम्ही काही सांगू नका. नंबर द्या."

त्याने माझ्याकडे बघितलं. क्लिनिकमध्ये पाच वर्षं ज्या नजरेने बघायचा ती ही नव्हती. मग आत जाऊन फोन घेऊन आला, नंबर लावून माझ्या हातात दिला आणि बोर्डाकडे वळला.

बाई फोनवर आल्या. मी माझं पूर्ण नाव सांगितलं, मंडळाचं नाव सांगितलं. म्हटलं, नदीची गोष्ट आम्ही त्यांना सांगितली आणि ती खोटी आहे, त्यांना काल माहीत नव्हतं. चित्रं आमच्या घरी कापली गेली. ती अख्खी असताना आमच्या हॉलमध्ये तीन दिवस लागली होती, ज्यांनी बघितली त्यांच्यापैकी कुणालाही विचारा. कापलेले तुकडे इथे आहेत, उद्या यायचं तर या, खांदा कसा चालतो ते तुकड्यांवरही दिसेल. त्यांनी विचारलं, तुमचं आणि त्यांचं नातं काय? मी म्हटलं, ते आमच्या क्लिनिकचे पेशंट होते.

"ठीक आहे, मी समितीला कळवते," बाई म्हणाल्या आणि फोन ठेवला.

मी फोन परत दिला. तो टायरच्या आतला गोल भरत होता, डावा हात उजव्या कोपराखाली धरून. वर न बघता म्हणाला की फळ्या आतल्या भिंतीला लावा, रंगाची बाजू बाहेर ठेवा. मी एकेक करून आत नेल्या, सांगितल्या तशा लावल्या, व्हॅनमधला भुसा पुसला आणि कामावर गेले.